समुद्रघोड्याचं काम

एकेचाळीस वर्षं मी विंगेत बसतो आहे.
सावईवेऱ्याच्या मंडपात, डाव्या अंगाला,
मांडीवर वही, बोट ओळीवर.
नटापर्यंत पोचेल
आणि पहिल्या रांगेपर्यंत पोचणार नाही
असा आवाज लावायला मला सात वर्षं लागली.

यंदा जत्रेच्या दुसऱ्या रात्री
बांबोळीहून डॉक्टरीणबाई आल्या, शर्वाणी प्रियोळकर.
म्हणाल्या, नाटकाआधी चाळीस मिनिटं द्या,
मला मेंदू दाखवायचाय.
खजिनदार म्हणाला, कोणाचा?

बाईंनी सोललेला नारळ वर धरला.
आकार याहून जरा मोठा,
वजन अशा दोघांचं.
मग शाळेच्या चौदा मुली रांगेत,
दोघींमध्ये हातभर फट.
हात लावायचा नाही, फूल फेकायचं.
पहिलीच्या पायात काटा रुतलाय, समजा.
रोजांचं फूल निघालं,
झेललं की उगमची घुमटावर एक थाप.
नववीच्या हातून ते निसटलं.
घुमट थांबलं. मंडप हसला.
हे पण होतं, बाई म्हणाल्या,
आणि दुसऱ्या वाटेनं दुसरं फूल सोडलं.

तालमीत मला सांगितलं होतं:
कानांच्या आत, खोल, दोन्हीकडे
एकेक चिमुकला समुद्रघोडा वळून बसलेला असतो.
आजचं उद्याच्या हाती तो देतो.
ते काम तुमचं.
मी म्हटलं, बाई, मी तर जुनंच वाचतो, वहीतलं.
खरंय, उपमा लंगडी आहे, त्या म्हणाल्या,
पण लंगडी माणसंही जत्रेला येतातच की.

तर मी पहिल्यांदा उजेडात बसलो.
रोहिदास पोस्टमन स्टेजवर चहा प्यायला,
मी म्हटलं, चहा झाला.
तो थैली घेऊन निघाला.
मग बाईंनी माझ्या खांद्यावर हात ठेवला:
आता तुम्ही गप्प.

नट अडलाय आणि मी गप्प,
असं कधी झालं नव्हतं.
रोहिदासनं पुन्हा चहा केला. पुन्हा प्यायला.
तिसऱ्यांदा कपबशी उचलली
तेव्हा मागचं हसू विरायला लागलं.

आणि पुढून, प्लॅस्टिकच्या खुर्चीतून:
नाटक केव्हा सुरू व्हायचं?

बाबल.
सव्वीस वर्षं आमचा राजा.
आता सुनेला बहीण समजतो.
मघाशीही त्यानं हेच विचारलं होतं,
आणि त्याच्या आधीही.
कुणी हललं नाही.
मला वाटलं, बाई आता बोट दाखवतील,
उदाहरण आयतं चालून आलंय.
त्यांनी दिवेवाल्याकडे पाहून फक्त मान हलवली.
उजेड त्याच्याकडे गेला नाही.

मी गप्प राहायचं होतं, मला काढून टाकलेलं होतं.
तरी सात वर्षं शिकलेलं मोडून
आवाज पहिल्या रांगेपर्यंत नेला:
सुरू झालंय, महाराज. दुसरा अंक.

त्याची पाठ ताठ झाली.
डाव्या हातानं नसलेला शेला
खांद्यावर घेतला.
ते वेगळ्या खोलीत असतं, बाई पुटपुटल्या,
माइक बाजूला धरून,
मला की स्वतःला, कळलं नाही.

शेवटी प्रश्न.
पोदेर मिंगेल उभा राहिला:
भट्टी पेटली की बाप आठवतो,
वीस वर्षं झाली त्याला जाऊन,
तो डोक्यात कुठे बसतो?
बाईंनी बोट कानशिलाकडे नेलं,
मग खाली घेतलं.
वासाची वाट माहीत आहे, म्हणाल्या.
बापाची नाही.

मग खरं नाटक.
रात्रभर मी दोघांना सांगत होतो,
स्टेजवरच्याला पुढची ओळ,
खुर्चीतल्याला आत्ताची.
आत्ताची वहीत नव्हती.

पहाटे कुळागरातून घरी जाताना ध्यानात आलं,
चष्मा राहिला. तिथेच,
रोहिदासच्या कपबशीपाशी.